लदेणीच्या भिंती

नेरच्या अलीकडं, बाजाराच्या रस्त्याला लागून सरकारनं बंजाऱ्यांच्या तांड्यासाठी बारा पक्की घरं बांधली, ते साल बासष्ट. विटांच्या भिंती, वर कौलं, बाहेरून चुना मारून सगळं पांढरंफेक. घरं एका ओळीत, उतारावर. पहिलं घर वर रस्त्याशी, बारावं खाली नाल्याच्या तोंडाशी. आता नकाशा काढणाऱ्याला नाला दिसला नसेल असं कसं म्हणावं? पण बाप्पा, त्याला तिथं राहायचं थोडंच होतं!

साहेबानं चिठ्ठ्या टाकून घरं वाटली. पहिलं निघालं पूनमसिंगाला, आणि बारावं खुद्द भीमसिंग नायकाला. ज्याच्या शब्दाशिवाय तांड्यात सोयरीक जुळत नाही की भांडण मिटत नाही, तो नायक शेवटी! म्हातारा तिथून उठला तो थेट जुन्या तांड्यावर येऊन खाटेवर बसला. "मी नाही जात," एवढंच म्हणाला. नायक जात नाही म्हटल्यावर दुसरं कोण हलतं? इकडं साहेबानं बजावून ठेवलेलं, सोमवारपर्यंत जो राहायला येणार नाही त्याचं घर दुसऱ्याला देऊ.

सगळ्यात जास्त जीव टांगणीला लागला तो मोतीबाईचा. ती नायकाची सून. मागच्या पावसाळ्यात गवताच्या झोपडीत पाणी शिरलं, तिची दीड वर्षाची पोर ओल्या गोधडीत गारठली, छातीत कफ धरला आणि गेली. आता पुन्हा दिवस भरत आले होते. हे लेकरू तिला पक्क्या छपराखाली, कोरड्या जमिनीवर हवं होतं. म्हाताऱ्याचा मान गेला खड्ड्यात, असं तिच्या मनात कितीदा आलं. पण बोलणार कशी? सासऱ्यापुढं सुनेनं घुंगट ओढायचा आणि तोंड उघडायचं नाही, ही तांड्याची रीत. लग्नाला पाच वर्षं झाली होती, पण म्हाताऱ्यानं अजून तिचा आवाज ऐकला नव्हता.

दोन दिवसांनी पूनमसिंग आपण होऊन आला. "नायक, वरचं घर तुमी घ्या. मी खालच्यात जातो. साहेबाले इचारलं, तो म्हणते आपसात बदलून घ्या."

म्हाताऱ्याचा चेहरा खुलला. आत चुलीपाशी मोतीबाईनं हात जोडले. उंचावरचं घर! तिला त्या दिवशी भाकर गोड लागली. नायकानं लेकाला, रूपसिंगाला हाक मारली. "तुह्या बायकोले सांग, घरांच्या भिंतीवर आपली लदेणी काढ म्हणा. सगळ्या भिंतीवर बैल. अन् पहिल्या घरावर, सगळ्याइच्या पुढं, नायक."

लदेणी म्हणजे जुन्या काळी या लोकांचे वाडवडील मीठ-धान्याच्या गोण्या बैलांवर लादून मुलुखभर हिंडायचे, तो काफिला. मोतीबाईचा भिंतीवर हात चांगला चालायचा, माहेराहून शिकून आलेली. रविवारी उजाडताच ती गेरू आणि तव्याची काजळी कालवून खाली उतरली. शेवटच्या घरापासून सुरुवात करायची, बैल चढवत चढवत वर न्यायचे आणि नायक सगळ्यात शेवटी काढायचा, असा तिचा बेत.

खाली पूनमसिंगाची बायको मानीबाई उंबऱ्यापुढं दगड रचत होती. तिची चार लेकरं होती, धाकटं तर अजून रांगत होतं.

"दगड कायले व, मानी?"

"पाण्यासाठी." मानीबाईनं काठावरच्या बाभळीकडं बोट केलं. खोडावर कमरेएवढ्या उंचीपर्यंत वाळक्या गाळाचा पट्टा होता. "मांगच्या साली तिथलोक आलतं."

"मंग तू बोलली काहून नाही?"

"नायकाच्या मानापुढं माह्यं कोण आयकते?" मानीबाई म्हणाली आणि पुन्हा दगड उचलू लागली.

मोतीबाईनं बैल काढले. एकेका भिंतीवर जोडी, पाठीवर गोणी, गळ्यात घंटा. ती चढ चढत गेली, पण दर भिंतीपाशी तिची मान खाली वळायची. बाभळीवरचा तो पट्टा काही डोळ्यापुढून जाईना. तिच्या पोरीलाही पाण्यानंच नेलं होतं.

पहिल्या घरापाशी पोचली तेव्हा ऊन कललं होतं. रूपसिंग घाई करत आला. "झालं का? बापू निघाले. आता वाजतगाजत येतीन." मोतीबाईच्या हातातली काडी भिंतीपाशी नेऊन थांबली. मनातून ती भ्यायली होती. नायक इथं काढला की तिचं लेकरू सुखरूप. मानीचं धाकटं मात्र दगडांच्या भरवशावर. नवऱ्याला सांगून काय, तो म्हणेल गप राह्य. आणि सासऱ्याशी तर बोलायचंच नाही.

तिनं गेरूचं गाडगं उचललं आणि उतारानं खाली चालू लागली.

"अवो, येडी झाली का? नायक राह्यला ना!" रूपसिंग ओरडला. तिनं मागं पाहिलं नाही.

डफ वाजवत, सामानाच्या गाड्या घेऊन तांडा आला. पहिल्या घरापुढं नायक थांबला. बैल होते, त्यांच्यापुढची भिंत कोरी. डफ बंद पडला.

"रूपसिंग, मी कुठं आहो?"

रूपसिंग खाली उताराकडं पाहू लागला. म्हातारा काठी टेकत एकेक भिंत पाहत उतरू लागला, मागं सगळा तांडा. बाराव्या घरावर त्याला चितारलेला नायक सापडला. पागोटं, हातात काठी. बैलांकडं पाठ करून एकटा, नाल्याकडं पाहत उभा.

भिंतीशी मोतीबाई घुंगट ओढून उभी होती.

"इचार तिले," नायक लेकाला म्हणाला. "भर तांड्यात मले असं मांगं काहून टाकलं?"

मोतीबाई नवऱ्याकडं वळून बोलली, पण सगळ्यांना ऐकू गेलं. "बापूले सांगा, पाणी इकडून येते. नायकानं कुठं उभं राहावं, मले एवढंच समजलं."

रूपसिंगानं हात उगारला. म्हाताऱ्यानं काठी आडवी घातली. मग तो कितीतरी वेळ उंबऱ्यापुढचे दगड आणि त्यांच्यावर चढू पाहणारं मानीबाईचं धाकटं पाहत राहिला.

"पूनम," शेवटी तो म्हणाला, "लेकरं उचल. आपल्या घरात जा, वरती."

मग त्यानं कधी केलं नव्हतं ते केलं. सुनेकडं तोंड करून बोलला. "बेटी, तुह्यं लेकरू आता इथंच होईन. काढताना ध्यानात होतं का तुह्या?"

"होतं, बापू." घुंगटाआड ती रडत होती. "लय भेव वाटून राह्यलं मले."

म्हातारा आपल्या गाडीपाशी गेला. कोणाला हात लावू न देता त्यानं आपली खाट उतरवली, ओढत आणली आणि दाराबाहेर, नाल्याच्या अंगाला टाकली.

"मी इथं झोपत जाईन," तो म्हणाला. "पाणी आलं तं पहिलं मले उठवीन."