मागाला सांगायचा शब्द

हौसाबाईंच्या घरात काहीही संपत नसे. तांदळाचा डबा रिकामा झाला की तांदूळ 'वाढले' म्हणायचे. काकण फुटले नाही, वाढले. देवापुढे नारळ फोडला नाही, वाढवला. अशुभ शब्द तोंडातून निघाला की तो आपले काम केल्याविना परत येत नाही, ही त्यांची पक्की धारणा होती. दोडामार्गाहून सून होऊन आलेल्या रसिकाला पहिल्या वर्षी ही भाषा हसू आणी.

"आई, तुमच्या घरात गॅसपण वाढता. मगे मी सिलिंडर आणूक कित्याक धावतंय?"

"धाव, पण तोंड सांभाळून धाव," हौसाबाई म्हणत. मंगेश मान खाली घालून माशाचे काटे काढत राही. आई आणि बायको यांच्यामध्ये बोलण्याइतका तो भोळा नव्हता.

शब्दांचा हा धाक त्या घराला उगीच नव्हता. माजघरात उत्तरेच्या भिंतीला एक माग होता. पाच पिढ्यांपूर्वी किनाऱ्याला लागलेल्या एका फुटक्या गलबताच्या डोलकाठीतून तो घडवला होता. घरचा पुरुष समुद्रावर निघाला की त्याच्या अंगातल्या सदऱ्याचा एक धागा काढून मागावरच्या ताण्याला, म्हणजे उभ्या धाग्यांना, बांधायचा. मग धोटा आपोआप चालू लागे. आडवा धागा कुठून येतो, हे कोणी पाहिले नव्हते. माग चालतो आहे तोवर माणूस श्वास घेतो आहे, एवढे मात्र सर्वांना ठाऊक होते. माणूस परतला की घरच्या थोरल्या बाईने मागाच्या दांड्यावर तळहात ठेवून एकच शब्द उच्चारायचा: "वाढव." त्यासरशी माग स्वतःच वस्त्र कापून मोकळे करी आणि थांबे. 'काप' किंवा 'तोड' असा शब्द त्या मागाने कधी ऐकला नव्हता. परतलेल्याच्या खांद्यावर ते वस्त्र पडले की घर जेवायला बसे. हौसाबाईंचे यजमान परतले नव्हते. त्यांचे अर्धे वस्त्र ट्रंकेत होते. ते विणताना माग आपसूक थांबला होता.

मंगेश चार दिवसांच्या बोलीने ट्रॉलरवर गेला. "येतंय गो," म्हणाला, आणि उंबऱ्याबाहेर पडला. ताणा नेहमीप्रमाणे चार दिवसांचा, वर दोन दिवस अधिक, असा लावला होता. तिसऱ्या दिवशी वाऱ्याचा इशारा आला. चौथ्या दिवशी बोटीशी संपर्क तुटला. सहाव्या दिवशी सकाळी बंदरावरची माणसे हौसाबाईंच्या नजरेला नजर देईनाशी झाली.

माग मात्र चालू होता. खट, खट. त्या आवाजावर दोघी बायका जगत होत्या. स्वयंपाक एकीने करायचा, दुसरीने मागापाशी बसायचे, असे त्यांनी न बोलता ठरवून घेतले होते.

दुपारी देवळात आरतीची घंटा वाजायला लागली तेव्हा रसिका ओरडली, "आई, ताणो सपत इलो!"

"सपत म्हणा नको."

"काय म्हणाचा तां तुमी म्हणा! वीतभर उरलो आसा. ताणो गेलो तर माग थांबतलो ना?"

हौसाबाईंनी पाहिले. खरोखर वीतभरच धागे उरले होते. असे पूर्वी कधी झाले नव्हते. उशीर करून येणारा पुरुष या घराने पाहिला नव्हता. एक तर तो वेळेवर आला होता, नाहीतर आलाच नव्हता.

रसिकाने आपल्या साडीचा पदर दातांनी फाडला. "नवे धागे जोडतंय. एकेक गाठ मारूया. तुमी हय धरा."

"गाठीचा वस्त्र?" हौसाबाईंचा स्वर चढला. "ह्या घरातल्या पुरुषाच्या अंगाक गाठीचा वस्त्र लागाक नाय. हात काढ."

"आई, तो आधी परत येवंदे. मगे गाठी मोजूया!"

"हात काढ म्हणतंय ना! पन्नास वर्सां ह्यो माग माझा ऐकता. तो तुझ्या चिंध्येर चालाचो नाय."

सुनेचा हात त्यांनी बाजूला सारला. पदर सावरला. गयावया करणे त्यांच्या रक्तात नव्हते. देवापुढेही त्या सांगत, मागत नसत. दांड्यावर तळहात ठेवून त्यांनी आज्ञा केली, "माझ्या झिलाचां आयुष्य वाढव."

माग क्षणभर थबकला. तळहात तोच होता. आवाज तोच होता. शेवटचा शब्दही तोच होता.

कच्चकन धागे कापले गेले. घडी होऊन वस्त्र हौसाबाईंच्या मांडीवर पडले, आणि माजघरात देवळाच्या घंटेखेरीज दुसरा आवाज उरला नाही.

मागाने अवज्ञा केली नव्हती. पाच पिढ्या त्याला त्या शब्दाचा जो अर्थ शिकवला होता, तोच त्याने मानला होता. दांड्याला वीतभर ताणा तसाच लोंबत होता.

संध्याकाळी दीपेशचा फोन आला. तो मंगेशबरोबर बोटीवर होता. रसिकाने फोन कानाला न लावता मागाच्या दांड्यावर ठेवला, आवाज मोठा केला.

"वैनी, दुपारपर्यंत तो माझ्या बाजूक होतो गो. बोट बुडाल्यार एकाच रिकाम्या डब्याक धरून होतो आमी. देवळात आता आरती चालू आसतली, तो म्हणालो. हसलोसुद्धा. आणि एकदम हात सुटलो त्याचो, कोणी सोडवल्यासारखो. त्याच्यामागसून अर्ध्या तासान जहाज इलां."

अर्धा तास. वीतभर ताणा अर्ध्या तासाहून कितीतरी अधिक चालला असता, हे दोघींनाही कळले. रसिका रडली नाही. तिने सासूकडे पाहिलेही नाही. त्या दिवसापासून ती त्यांच्याशी बोलली नाही, आणि हौसाबाई कोणाशीच बोलल्या नाहीत.

दहाव्या दिवशी शेजारची काशीबाई चार बायकांना घेऊन आली. तिने रसिकाला माजघरात बसवले आणि दबक्या आवाजात म्हटले, "काकणां वाढवूची लागतली गो, बाय."

"फोड म्हण," हौसाबाई म्हणाल्या.

दहा दिवसांनी फुटलेला तो आवाज ऐकून काशीबाई दचकली. "काय म्हणतास, हौसाक्का? ह्या घरात?"

"ह्याच घरात. वाढव म्हणा नको. फोड म्हण, काशी. म्हटल्याशिवाय तिच्या हाताक हात लावूचो नाय."

काशीबाईचे ओठ हलले, शब्द फुटेना. वयात आल्यापासून तिची जीभ हौसाबाईंनीच वळवली होती.

रसिका उठली. तिने दोन्ही मनगटे मागाच्या दांड्यावर धरली आणि प्रथमच सासूच्या डोळ्यांत सरळ पाहिले.

"फोडतंय," ती म्हणाली.

काकणांच्या काचा लोंबत्या धाग्यांत अडकून राहिल्या. माग हलला नाही.