नियुक्तीचा फ्लेक्स

"सरपंच, त्यो फ्लेक्स आदी उतरवा!"

खुरपणीवरनं आलेली सुमनबाई हातातलं खुरपंसुद्धा खाली न ठेवता गावच्या फाट्यावर बलभीम सरपंचावर कडाडली. फाट्यावरच्या खांबाला बैलगाडीएवढा फ्लेक्स लटकत होता. निम्म्या जागेत काळा चष्मा लावून, हात जोडून खुद्द बलभीम. कोपऱ्यात टिकलीएवढी सुमनबाईची लेक, संघप्रिया. खाली लिहिलेलं, 'गावची कन्या गावच्याच उपकेंद्रात सिस्टर म्हणून रुजू झाल्याबद्दल हार्दिक अभिनंदन!'

"आवो सुमनबाई, आनंदाची गोष्ट हाय ही. तुमी तर पेढं वाटाय पायजेत."

"कुठं रुजू झाली? पोरगी घरात बसून हाय. कोर्टात केस चालू हाय तिची."

"आज न्हाय तर उद्या हुईलच की. आमी जरा आदी लावला, एवढंच. इलेक्शन बी जवळ आलंय."

बलभीमला फ्लेक्सची भारी खोड. कुणाचं बारसं असू द्या, कुणी बारावी पास होऊ द्या, नाहीतर ट्रॅक्टर घेऊ द्या, पेढा तोंडात जायच्या आत ह्याचा चष्मा खांबावर चढलाच म्हणून समजा. गावातलं कुणी त्यातलं अक्षर खरं मानत नव्हतं. सुमनबाईला मात्र धास्ती होती, कारण तिच्या लेकीचा सगळा जीव त्या कोर्टाच्या केसमध्ये अडकला होता.

झालं होतं असं. संघप्रिया सरकारी कॉलेजात नर्सिंग शिकली. तिथं शिकायचं तर पुढं वर्षभर खेड्यात सरकारी सेवा करीन, असा बॉण्ड लिहून द्यावा लागतो. तिला तर तेच पाहिजे होतं. पण जिल्ह्याची आरोग्य कचेरी म्हणायची, "जागाच रिकामी नाही, थांबा." आणि कॉलेज म्हणायचं, "सेवा केल्याशिवाय मूळ कागद मिळणार नाहीत." सोलापूरचा एक दवाखाना तिला घ्यायला तयार बसला होता, पण मूळ कागद बघितल्याशिवाय तो तरी कसा घेईल? सेवा कर म्हणणारं बी सरकार, आणि करू न देणारं बी सरकार. वा रे कारभार!

आणि गावचं उपकेंद्र? आधीची सिस्टर बदलून गेली तसं त्याला कुलूप. किल्ली बलभीमच्या करदोट्याला. आत बाळंतिणीच्या खाटेवर त्याच्या सोयाबीनची पोती भाव चढायची वाट बघत पडलेली. गावच्या बाया मात्र टमटममध्ये कळा सोशीत नळदुर्गला जायच्या. शेवटी संघप्रियानं कोर्ट गाठलं. नेमणूक द्या, नाहीतर कागद तरी द्या, एवढंच तिचं मागणं.

फ्लेक्स काही उतरला नाही. तारखेला संघप्रिया संभाजीनगरच्या हायकोर्टात गेली आणि दुसऱ्या दिवशीच्या एसटीनं परत आली.

"आई, सरकारी वकिलानं कोर्टात काय दाखवलं म्हाईत हाय? आपल्या फाट्यावरच्या फ्लेक्सचा फोटू! म्हणला, ही तर कवाच रुजू झालीया, उगं कोर्टाचा येळ खातीया."

सुमनबाईनं कपाळावर हात मारला. "मुडदा बशिवला त्या बलभ्याचा! बुडीवलं की गं तुला!"

"आगं, ऐक तर! जजसायबांनी त्येला इचारलं, मागच्या तारखेला तुमीच लिहून दिलं, जागा कुठंच रिकामी न्हाय. मग ही रुजू झाली कुठं? वकील कचेरीच्या सायबाकडं बघतोय, आन् सायेब पंख्याकडं! शेवटाला सायेब म्हणला, जागा हाय, पर उपकेंद्र बंद हाय. जज म्हणले, मग उघडा. आठवड्याच्या आत हिला तिथंच नेमा."

सुमनबाईनं लेकीच्या तोंडावरून हात फिरवून कडाकडा बोटं मोडली. मग तिला हसू आवरेना. "येवढी शिकल्याली, काळ्या कोटातली माणसं, आन् बलभ्याच्या फ्लेक्सवर इस्वास ठिवला? आपली शेळी सुदिक ठिवत न्हाय गं!"

हुकूम आला. कचेरीची जीप उपकेंद्राच्या दारात उभी राहिली आणि बलभीमला करदोट्याची किल्ली सोडावी लागली. हमालांनी पोती भराभर अंगणात आणून टाकली. नळदुर्गच्या बाजूनं आभाळ काळंभोर होऊन आलेलं. बलभीमची पळापळ सुरू झाली.

"कुणाकडं ताडपत्री हाय का रं?"

बाया कमरेवर हात ठेवून बघत उभ्या. ह्याच बाया टमटममधून गेलेल्या. एक जागची हलली नाही.

आत लेकीसंगं फरशी धूत असलेली सुमनबाई ओला खराटा घेऊन दारात आली. "ताडपत्री कशाला धुंडता, सरपंच? फाट्यावर बैलगाडीएवढी हाय की तुमची."

बलभीमनं तिच्याकडं खाऊ का गिळू असं बघितलं. पण टपोरे थेंब पोत्यांवर वाजायला लागले, तसा पायजमा वर खोवून पळाला. खांबावर चढला, आपल्याच हातानं दोऱ्या तोडल्या आणि धापा टाकत फ्लेक्स आणून पोत्यांवर पसरला. वारा त्याला जागेवर राहू देईना. बलभीम पायानं एकेक कड दाबू लागला.

सुमनबाई पायरीवर बसून निवांत बघत होती.

"दाबा, दाबा, चांगलं दाबा," ती म्हणाली. "फकस्त त्या कोपऱ्यावर पाय दिऊ नका, सरपंच. तिथं सिस्टर हायेत आमच्या."