उतरायची पाळी

इराणातल्या यज्द शहराजवळच्या आमच्या गावाला पाणी येतं ते जमिनीखालच्या भुयारी पाटातून. तो पाट साफ ठेवायचं काम हैदर आणि त्याचा धाकटा भाऊ करामत करायचे. वर रहाट फिरवून त्यांना पाटात उतरायच्या विहिरीत सोडणारा मी, यदुल्ला. चार वर्षांपूर्वी आत छत कोसळलं आणि करामत मातीखाली गेला.

यंदा तेहरानहून पेमान नावाचा दिग्दर्शक आला. त्याला त्याच दिवसाचा सिनेमा करायचा होता, आणि नट नको होते. हैदरनं हैदर व्हायचं, मी यदुल्ला, आणि करामतची बायको नुसरत हिनं नुसरतच. ती लगेच तयार झाली. "गावात माझ्यापुढं त्याचं नावच कुणी काढत नाही," एवढंच म्हणाली.

प्रसंग छोटा होता. ती जेवण घेऊन विहिरीपाशी येते, हैदरचा चेहरा बघते आणि विचारते, "भाऊजी, आज उतरायची पाळी कुणाची होती?" हैदर म्हणतो, "त्याचीच." त्या दिवशी असंच घडलं होतं.

पहिल्या खेपेला वारा सुटला. दुसऱ्या खेपेला हैदर पुटपुटला.

"हैदर आगा, जरा मोठ्यानं," पेमान म्हणाला.

"त्या दिवशीही हळूच बोललो होतो."

"मग हिला ऐकू कसं गेलं?"

"मला गेलं," नुसरत म्हणाली.

पाचव्या खेपेला तिनं विचारलं, तेव्हा हैदरनं विहिरीकडे पाहिलं. मग म्हणाला, "माझी. पाळी माझी होती. आदल्या दिवशी मी छतातून माती गळताना पाहिली होती. भ्यालो. कंबर धरलीय म्हणालो आणि त्याला पाठवलं."

पेमाननं कॅमेरा थांबवला नाही.

"मातीचं त्याला सांगितलंत?" नुसरतनं विचारलं.

"नाही."

ती माझ्याकडे वळली. "यदुल्ला, तुला ठाऊक होतं?"

"पाळीचं ठाऊक होतं, वहिनी. मातीचं नव्हतं."

तिनं हातातलं जेवण खाली ठेवलं. मग हैदरला म्हणाली, "करामत बेफिकीर होता म्हणून गेला, असं तुमच्या आई चार वर्षं म्हणताहेत. माझी मुलगी ते ऐकत मोठी झालीय. आता घरी चला. दोघींसमोर सांगा."

हैदर निघाला. पेमान कॅमेरा घेऊन मागून येऊ लागला, तर दारात तिनं त्याला अडवलं. "तुम्ही बाहेर थांबा. यदुल्ला, तू आत ये. तूही गप्प बसला होतास."

हैदरनं आईसमोर गुडघे टेकून सगळं सांगितलं. म्हातारीनं ते त्याच्याकडून पुन्हा एकदा वदवून घेतलं. मग नातीला जवळ ओढून म्हणाली, "तुझा बाप बेफिकीर नव्हता गं. मीच चुकीचं बोलत होते."

विहिरीपाशी टिपलेलं सिनेमात ठेवू का, असं पेमाननं नंतर विचारलं. नुसरत ठेवा म्हणाली. हैदरनंही मान हलवली. आई त्याच्याशी अजून बोलत नाही. नुसरत कामापुरतं बोलते, पण भाऊजी म्हणूनच हाक मारते.