शेवट समिती

कथेचं शेवटचं पान आलेलं नाही, असा पहिला निरोप सोमवारी आला. भाषांतर करणाऱ्या बाईने निमूटपणे सगळी कथा पुन्हा पाठवली. मंगळवारी पुन्हा तोच निरोप. तिने तिसऱ्यांदा पाठवली, या वेळी प्रत्येक पानावर 'नऊपैकी अमुक' असा आकडा टाकून. बुधवारी प्रकाशन संस्थेने प्रिंटर दुरुस्त करणाऱ्याला बोलावलं. त्याने प्रिंटर उघडला, आतला एक रबरी रूळ बदलला आणि आता दहावं पान यायला काहीच हरकत नाही असं सांगून गेला. पानं नऊच आली.

तेव्हा कुठे मुख्य संपादकांनी स्वतः फोन केला.

"अगं, ती बाई शेजाऱ्याच्या दारापुढे उभी आहे. काखेत वाडगा आहे. दार ठोठावायला हात वर केलाय. पुढे?"

"पुढे काही नाही, सर."

"काही नाही म्हणजे?"

"कथा संपली."

पलीकडे मुख्य दुसऱ्याच कुणाला तरी दबक्या आवाजात सांगताना ऐकू आले, "त्या प्रिंटरवाल्याला आता परत बोलावू नका."

संस्थेत या बाईला सगळे किंचित म्हणत. कच्च्या मजकुराच्या समासात ती सारखं 'इथे अर्थात किंचित फरक आहे' असं लिहायची, त्यावरून. अकरा वर्षं ती जपानीतून इंग्रजीत भाषांतरं करत होती, आणि त्यातली साडेदहा वर्षं वॉशिंग मशीनच्या माहितीपत्रकांत गेली होती. 'ओल्या हाताने प्लग ओढू नका' हे वाक्य तिने एकशे चाळीस वेळा इंग्रजीत आणलं होतं, आणि एकदाही त्याखाली तिचं नाव छापलं गेलं नव्हतं. आता ही संस्था आधुनिक जपानी कथांचा इंग्रजी संग्रह काढत होती. त्यातली एक कथा तिची होती. कथेच्या डोक्यावर लेखिकेचं नाव आणि खाली तिचं.

कथा साधी होती. एका विधवेला कपाट आवरताना शेजाऱ्याचा वाडगा सापडतो. अकरा वर्षांपूर्वी मागून आणलेला, परत द्यायचा राहून गेलेला. ती तो तीनदा धुते, दोन मजले चढते, दारापाशी उभी राहते. आतून नळ ठिबकल्याचा आवाज येतो. ती वाडगा काखेत धरते आणि हात वर उचलते. संपलं.

किंचितला ही कथा पाठ होती. एकोणतिसाव्या वर्षी नवऱ्याचं घर सोडून ती आईकडे परत आली, तेव्हा मावशी, आत्या, दोन्ही माम्या आणि खालच्या मजल्यावरचा केस कापणारासुद्धा तिला एकच विचारत होते: मग, पुढे काय? जेवताना, लिफ्टमध्ये, दाढ उपटून घेताना. त्या महिन्यात ही कथा तिच्या हाती लागली, आणि पुढे काय हे न विचारणारं जगात एक तरी माणूस आहे, भले ते समुद्रापलीकडे का असेना, याचा तिला इतका आनंद झाला की तिने आत्याला उलट विचारलं, "तुमचं काय पुढे?" आत्या तेव्हापासून बोलत नव्हती. तो फायदा वेगळा.

पण संस्थेत शेवट समिती होती. दर गुरुवारी अकरा वाजता ती बसायची. परभाषेतून आलेल्या प्रत्येक कथेचा शेवट मोठ्याने वाचला जाई आणि हात वर करून मत घेतलं जाई. शेवट नापास झाला तर तो संस्थेतच दुरुस्त होई. आतापर्यंत समितीने सात माणसं जिवंत केली होती, एक लग्न मोडलं होतं आणि एक आगगाडी वेळेवर आणली होती. मूळ लेखक सहसा दूर राहत. काही मेलेले असत. ते तर अजिबात कुरकुर करत नसत.

गुरुवारी किंचित समितीपुढे उभी राहिली. टेबलाच्या एका टोकाला मुख्य, दुसऱ्या टोकाला विक्री विभागाचा माणूस, मधे पाच जण आणि बिस्किटं.

"मॅडम," विक्रीवाला म्हणाला, "गिऱ्हाईक पुस्तकाचे पैसे देतं. त्याला दार उघडून द्यायला नको?"

"तिने अजून ठोठावलं नाहीये."

"तेच म्हणतोय मी. साधं ठोठावत पण नाही! आणि मांजर कुठाय?"

"कुठलं मांजर?"

"जपानी पुस्तक आहे. मुखपृष्ठावर मांजर छापून झालंय. सगळ्यांच्या मुखपृष्ठांवर असतं. बारा कथा झाल्या, एकीतही मांजर नाही. ही शेवटची आशा आहे."

किंचितने शांतपणे सांगितलं की कथेत वाडगा आहे, नळ आहे, जिन्याला बेचाळीस पायऱ्या आहेत आणि मांजर नाही. मत घेतलं गेलं. शेवट नापास करायला सहा हात वर झाले. सातवा माणूस बिस्किट बुडवत होता. त्याचं बिस्किट चहात पडल्यावर तोही चिडून नापासच्या बाजूला गेला.

"सोमवारपर्यंत एक पान लिहून आण," मुख्य म्हणाले. वाईट माणूस नव्हता तो. आवाजात चक्क माया होती. "दहा-बारा ओळी. दार उघडू दे, शेजारी काहीतरी बोलू दे. तुझं नाव पहिल्यांदा छापून येतंय ना? मग कशाला हट्ट?"

"माझं नाव येतंय म्हणूनच, सर."

"नाही आणलंस तर आम्ही लिहू."

घरी आईने सगळं ऐकून घेतलं. ती शिवणयंत्रावर उशीचे अभ्रे शिवत होती, पाय चालूच.

"दहा ओळी लिहायला तुझं काय जातंय गं? रोज इतकं लिहितेस."

"आई, तू ती कथा वाचलीस ना?"

"दोनदा वाचली. दोन्ही वेळा वैताग आला. असं कुणी उभं करून ठेवतं का माणसाला?"

"मग लिहू दार उघडतं म्हणून?"

आईचा पाय थांबला. तिने दोरा दाताने तोडला. "लिहिलंस तर मी ती बाई विसरून जाईन," ती म्हणाली. "आता गेले पाच दिवस ती माझ्या डोक्यात उभी आहे. भाजी चिरताना पण. मेली बसत सुद्धा नाही." मग पुन्हा यंत्र सुरू झालं. "तरी लिही. नोकरी आहे."

ती नोकरी नव्हती, पण हे आईला समजावण्यात एक आख्खी संध्याकाळ गेली असती. किंचितने त्याऐवजी लेखिकेला फोन लावला. लेखिका एक्क्याऐंशी वर्षांची होती आणि फोन नेहमी अठराव्या घंटीला उचलायची. लेखिकेने एकदा 'शेवट बदलायला माझी परवानगी नाही' असं लिहून दिलं की समिती गप्प बसेल, असा किंचितचा हिशेब होता.

"शेवट?" लेखिका आनंदाने ओरडली. "कधीपासून कुणी विचारेल म्हणून वाट बघतेय! चार आहेत माझ्याकडे. एकात शेजारी मेलेला असतो. एकात तो म्हणतो, हा वाडगा माझा नाहीच. एकात दोघं लग्न करतात. आणि एकात ती आपण कशाला आलो तेच विसरते, तो मला अलीकडे सुचला. कुठला पाठवू?"

किंचित भिंतीला टेकली. "एकही नको."

"अगं, कथा माझी आहे ना?"

"तुमची आहे. पण ती तुम्ही एकेचाळीस वर्षांपूर्वी देऊन टाकलीत. दिलेली वस्तू परत घेऊन तिला चाकं बसवायची नाहीत."

पलीकडे खोकला झाला. किंचितला वाटलं, संपलं. म्हाताऱ्या बाईला आपण दरडावलं. आता ती चारही शेवट थेट संस्थेला पाठवेल आणि समिती त्यांची एकत्र खिचडी करेल.

"तेव्हा मी फार आखडू होते," लेखिका अखेर म्हणाली. "संपादकाने तेव्हाही शेवट मागितला होता. मी त्याच्या टेबलावर वाडगा आपटून आले होते. खराखुरा. फुटला."

"मला तीच बाई पाहिजे."

"मलाही ती हल्ली भेटत नाही." लेखिका हसली. "बरं. मी कुणाला काही पाठवत नाही. पण पत्रबित्र मागू नकोस, भांडण तुझं तू कर. माझे गुडघे दुखतात."

सोमवारी किंचित रिकाम्या हाताने गेली. मुख्यांनी ते बघितलं आणि काहीच बोलले नाहीत. न बोलण्याचं कारण बुधवारी छापखान्यात कळलं.

छापखान्यात एक रीत होती. छपाईआधीच्या अखेरच्या प्रुफावर प्रत्येक पानाखाली त्या मजकुराच्या भाषांतरकाराची सही लागायची. सही नसलेल्या पानाची प्लेट बनत नसे. ही रीत मुख्यांनीच घातली होती, आपल्यावर बालंट येऊ नये म्हणून. फोरमनकाका ती देवाज्ञेसारखी पाळायचे. एकदा मुख्यांचीच प्रस्तावना सहीवाचून तीन आठवडे पडून होती.

किंचितने एकशे चार ते एकशे बारा अशा नऊ पानांवर सह्या केल्या. मग एकशे तेरावं पान आलं.

त्यावर दार उघडलं होतं. शेजाऱ्याच्या खांद्यावर मांजर होतं. 'ये,' तो म्हणत होता, 'अकरा वर्षं मी आणि हे तुझीच वाट बघतोय.' विधवेच्या डोळ्यांत पाणी, मांजराच्या डोळ्यांत चमक, वाडग्यात दूध.

किंचितने पान दोनदा वाचलं. मांजर अकरा वर्षं खांद्यावरच होतं की काय, असा एक प्रश्न तिच्या मनात येऊन गेला. तिने पेनाचं टोपण लावलं.

"ताई, एक राहिलं," फोरमन म्हणाले.

"हे माझं नाही, काका."

"मग नाही छापत." ते यंत्र बंद करून स्टुलावर बसले आणि शेंगा सोलायला लागले.

वीस मिनिटांत मुख्य आले, मागोमाग विक्रीवाला.

"सही कर," मुख्य म्हणाले.

"नाही."

"मग तुझी कथाच काढून टाकतो."

"काढा."

हे म्हणताना साडेदहा वर्षं आणि एकशे चाळीस प्लग तिच्या डोळ्यांपुढून गेले. पण शब्द बाहेर पडला होता आणि आश्चर्य म्हणजे तो चांगला खणखणीत पडला होता.

"काढा कसं?" फोरमन शेंगा खाली ठेवत म्हणाले. "सोळा पानांचा फर्मा आहे. मधली पानं काढली की पुढचं सगळं सरकणार. पुढच्या आठ फर्म्यांच्या प्लेटा झाल्यात. मी नाही सरकवत. पाठीची नस धरलीय माझी."

"मग एकशे तेरा कोरं सोडा," मुख्य म्हणाले. "झालं? खूश?"

"नाही."

"आता काय!"

"मूळ कथेत कोरं पान पण नाही. लोकांना वाटेल पान छापायचं राहिलं. मग पुन्हा तुमच्याकडे निरोप येतील, आणि तुम्ही पुन्हा प्रिंटर दुरुस्त कराल."

विक्रीवाला म्हणाला, "मॅडम, मांजराने तुमचं काय घोडं मारलंय?"

"मांजराशी माझं भांडण नाही. त्याला त्याच्या कथेत जाऊ द्या."

मुख्यांनी कपाळाला हात लावला. बाहेर गाडीवाला हॉर्न वाजवत होता. कागदाची रिळं उतरवून घ्यायची होती. फोरमननी उठून एकशे चौदावं पान उचललं, डोळ्यांजवळ धरलं. तिथे पुढची कथा सुरू होत होती, एका पोस्टमनची.

"ह्या पोस्टमनच्या कथेचं नुसतं नाव एकशे तेरावर घेऊ," ते म्हणाले. "मोठ्या अक्षरात, पानभर. बाकी काही हलत नाही."

आणि तसंच ठरलं. अशा रीतीने पोस्टमनवाल्या लेखकाला एक आख्खं पान मिळालं. त्याने त्यासाठी काहीही केलं नव्हतं.

मांजराच्या पानावर मुख्यांना स्वतःच्या हाताने काट मारावी लागली, कारण काट मारण्यालाही सही लागायची आणि किंचित त्या पानाला पेन लावायला तयार नव्हती. त्यांनी काट मारली. वाकडी आली.

"पुढच्या संग्रहाला तुला बोलावणार नाही मी," ते म्हणाले.

"नका बोलावू."

मग ते एकशे बारावं पान हातात घेऊन तिथेच उभे राहिले. विक्रीवाला रिळं मोजायला गेला. यंत्र गरम व्हायला लागलं आणि जमीन थोडी थरथरू लागली. मुख्यांनी शेवटचा परिच्छेद वाचला, ओठ हलवत. पान उलटून मागे बघितलं. मागे एकशे अकरा होतं. पुन्हा सुलटं केलं.

"अगं, पण किती वेळ?" ते एकदम म्हणाले. त्यांच्या आवाजातला साहेब कुठेतरी गेला होता. "असा वर धरून हात दुखेल की तिचा."

"दुखू दे," किंचित म्हणाली, आणि त्यांच्या हातातलं पान काढून तिने फोरमनकाकांकडे दिलं.