हप्ता तोच राहील

मिस्त्रीच्या घरात दोनशे चाळीस फरश्या होत्या आणि त्यातली एकूण एक त्याने स्वतःच्या हाताने बसवली होती. बिल्डर जी फरशी देत होता ती त्याने नको म्हणून सांगितलं. लोकांच्या घरांत आयुष्यभर पाणसळ लावून गुडघे झिजवलेला माणूस स्वतःच्या घरात वाकडा सांधा कसा चालवून घेईल? बसवून झाल्यावर सवयीने त्याने मोजल्या आणि आकडा लक्षात येताच स्वतःच उडाला. कर्ज वीस वर्षांचं होतं, म्हणजे हप्ते दोनशे चाळीस. "अगं, महिन्याला एक फरशी सुटणार आपली!" असं ओरडत तो स्वयंपाकघरात आला तेव्हा त्याच्या बायकोला वाटलं, लॉटरीच लागली.

तिला सगळी वस्ती कात्रीबाई म्हणायची. शाळेचे गणवेश शिवणाऱ्या दुकानात ती कापड बेतायची म्हणून, आणि जीभही तशीच चालायची म्हणून. पण त्या दिवशी तिची जीभ चालली नाही. तिला हिशेब पटला. तिने एवढंच सांगितलं की सुरुवात ओट्यापासून करा, निदान मी उभी राहते ती जागा तरी आधी आपली होऊ दे.

तेव्हापासून हप्ता कापला गेल्याचा मेसेज आला की संध्याकाळी मिस्त्री पुढच्या फरशीवर टाच आपटायचा आणि म्हणायचा, "ही आपली." स्वयंपाकघर सुटलं, आतला बोळ सुटला, मग झोपायची खोली. मिस्त्रीच्या थोरल्या बहिणीची, जिला दोघंही ताई म्हणत, जामीनदार म्हणून कर्जावर सही होती. ती आली की तिची हमखास थट्टा व्हायची. "ताई, तुम्ही बँकेच्या फरशीवर बसलात. इकडे सरका, आमच्यात या!" ताईही खमकी. "मी कुठे फुकट बसते? सही केलीय," म्हणायची आणि जागची हलायची नाही.

मधून मधून बँकेचे मेसेज येत. व्याजदरात बदल झाला आहे, आपला हप्ता तोच राहील. मिस्त्री तो मेसेज मोठ्याने वाचून दाखवायचा. "बघ, सगळीकडे महागाईने आग लावलीय, पण यांनी एक पैसा वाढवला नाही. भली माणसं आहेत." सहा वर्षांत असे चार मेसेज आले, चारही वेळा बँकेचं कौतुक झालं. हप्ता अठरा हजारांचा होता, अठराच राहिला. चोराने घरात शिरून पाय पुसले म्हणून त्याचं कौतुक करावं, तसला प्रकार. पण हे कळायला दहा वर्षं जावी लागली.

दहाव्या वर्षी मिस्त्रीचे गुडघे बोलायला लागले. आधी जिना उतरताना कुरकुर, मग सूज. मग एके दिवशी कामावर खाली बसलेला माणूस उठेचना, दोघांनी धरून उठवला. डॉक्टरांनी फोटो काढला, उजेडासमोर धरला आणि स्पष्ट सांगितलं की आता जमिनीवर बसायचं काम बंद. नाहीतर दोन-तीन वर्षांत काठी, आणि मग काठीनेही भागणार नाही. मिस्त्री तेव्हा शेहेचाळीस वर्षांचा होता.

बरं, सोय होत होती. ज्या दुकानातून तो टाइल्स घ्यायचा त्या दुकानदाराने स्वतः होऊन विचारलं. गल्ल्याशेजारी खुर्चीत बसायचं, गिऱ्हाइकाला नमुने दाखवायचे, मापं काढून द्यायची. पगार आताच्या कमाईच्या निम्मा. निम्म्यात अठरा हजारांचा हप्ता बसत नव्हता, पण नऊ हजारांचा बसत होता. आणि त्याच महिन्यात एकशेविसावी फरशी सुटणार होती. अर्धे हप्ते झाले म्हणजे अर्धं कर्ज फिटलं, अर्धं कर्ज फिटलं म्हणजे हप्ताही अर्धा करून मागायचा. यात चुकण्यासारखं काही आहे असं घरात कुणाच्या स्वप्नातही आलं नाही. ताईला बोलावलं, गोडाधोडाचं केलं. मिस्त्रीने दिवाणखान्याच्या बरोबर मधोमध टाच आपटली, आणि गुडघ्यातून कळ गेली तरी हसला.

दुसऱ्या दिवशी कात्रीबाईने दुकानातून अर्धी रजा काढली आणि दोघं चौकातल्या बँकेत गेली.

कर्जखात्याचा साहेब तरुण होता, मधाळ बोलायचा. त्याने पाणी मागवलं, मिस्त्रीला आरामशीर खुर्ची दिली. सगळं ऐकून घेतलं, कीबोर्डवर बोटं नाचवली आणि म्हणाला, "सर, नऊ हजार शक्य नाही. तुमचं महिन्याचं नुसतं व्याजच चौदा हजारांच्या वर आहे. नऊ हजारांत व्याजसुद्धा भागायचं नाही."

"पण अर्धं फिटलंय," मिस्त्री म्हणाला. "एकशेवीस हप्ते झाले. एक चुकला नाही."

"अजिबात चुकला नाही! तुमचं रेकॉर्ड एकदम स्वच्छ आहे, सर." साहेबाने पडदा त्यांच्याकडे वळवला. "शिल्लक मुद्दल सोळा लाख सव्वीस हजार."

मिस्त्री पडद्याकडे बघत राहिला. त्याला वाटलं दुसऱ्या कुणाचं खातं उघडलंय, आणि त्याने तसं विचारलंही. साहेबाने अदबीने त्याचं नाव वाचून दाखवलं.

"थांबा जरा," कात्रीबाई म्हणाली. "वीस लाख घेतले. दहा वर्षांत अठरा हजारांनी आम्ही भरले एकवीस लाख साठ हजार. घेतले त्याहून जास्त भरले. आणि वर सोळा लाख उरलेच?"

"मॅडम, आधी व्याज वळतं होतं. सुरुवातीची वर्षं हप्त्यातला मोठा भाग व्याजातच जातो, मुद्दल मागाहून फिटतं. सगळीकडे असंच असतं."

"मग हे सोळा लाख राहिलेल्या दहा वर्षांत फिटणार?"

"दहा नाही," साहेब म्हणाला. "पंधरा."

हे त्याने असं सांगितलं की जणू गाडी पंधरा मिनिटं उशिरा येणार आहे. मग समजावत बसला. मध्यंतरी दर वाढले, नवाचे साडेदहा झाले. दर वाढला की एकतर हप्ता वाढवायचा, नाहीतर मुदत. बँक मुदत वाढवते, ग्राहकाला तेच सोयीचं पडतं. प्रत्येक वेळी मेसेज पाठवला होता.

"मेसेजात होतं, हप्ता तोच राहील," मिस्त्री म्हणाला.

"मग तोच राहिला ना, सर?"

कात्रीबाईच्या तळपायाची आग मस्तकात गेली. खोटं एक अक्षर नव्हतं त्यात, हीच तर चीड येण्यासारखी गोष्ट होती. खोटं बोलला असता तर चार माणसांत त्याची लाज काढता आली असती. नवऱ्याच्या आयुष्यातली पाच वर्षं या लोकांनी न विचारता आपल्या नावावर करून घेतली, आणि घेतल्याचं कळवलं ते कसं, तर तुम्हाला काही त्रास होणार नाही या शब्दांत! आणि आपण ते मोठ्याने वाचत होतो. भली माणसं म्हणत होतो.

"हप्ता थोडा कमी करता येईल," साहेब धीर देत म्हणाला. "पंधरा हजार बसवू. फक्त मुदत वाढेल."

"किती?"

"अठ्ठावीस वर्षं."

"तेव्हा हे चौऱ्याहत्तर वर्षांचे असतील," कात्रीबाई म्हणाली. "तेव्हा काय, अंथरुणातून फरशी बसवणार?"

साहेबाने पडदा परत आपल्याकडे वळवला. त्याच्या डोक्यावर, भिंतीवर, एक मोठा रंगीत फलक होता. त्यावर एक हसरं जोडपं हातात किल्ली धरून उभं होतं, आणि खाली लिहिलं होतं, गृहकर्ज साडेआठ टक्के. कात्रीबाईने तो दोनदा वाचला.

"हे साडेआठ कुणासाठी?"

"नव्या ग्राहकांसाठी, मॅडम."

"आणि आम्ही साडेदहा भरतोय. दहा वर्षं एकही हप्ता न चुकवता. जुन्या माणसाला मिळत नाही का हा दर?"

"मिळतो की! साधा अर्ज करायचा, थोडी फी भरायची, दर बदलून मिळतो."

"कधीपासून मिळतो?"

"झाली असतील तीन-चार वर्षं."

"मग आम्हाला सांगितलं का नाही?"

"ते मागावं लागतं, मॅडम," साहेब म्हणाला. आणि मदत करण्याच्या हौसेने त्याने लगेच हिशेब करून दाखवला. आज अर्ज केला तर हप्ता अठराच राहील, पण पंधरा वर्षांची बारा होतील.

"म्हणजे एका कागदाची किंमत तीन वर्षं!" कात्रीबाई उभी राहिली. तिचा आवाज इतका चढला की रोखीच्या खिडकीसमोरची रांग मागे वळली. "हप्ता चुकायच्या आत दहा वेळा फोन करता तुम्ही. कार्ड घ्या, विमा घ्या म्हणून जेवणाच्या वेळेला पिडता. तेव्हा आमचा नंबर सापडतो. आणि माझ्या नवऱ्याची तीन वर्षं तुमच्या टेबलाच्या खणात पडून होती, तेव्हा सापडला नाही? वर म्हणता, तुम्ही मागितलीच नाहीत! आपलंच असलेलं मागायचं असतं हे आम्हाला कुठून कळणार?"

मिस्त्री तिची ओढणी ओढत होता. "अगं, खाली बस. लोक बघताहेत."

"बघू देत. त्यांचीही कर्जं असतील."

तिने अर्ज मागून घेतला, तिथेच भरला, फी तिथेच भरली आणि पोचपावती घेतल्याशिवाय जागची हलली नाही. एवढं एकच काम त्या दिवशी मनासारखं झालं.

घरी आल्यावर मिस्त्री दारातच थांबला. ओठ हलत होते, मनात गुणाकार चालला होता. मग तो भिंतीच्या कडेकडेने चालत स्वयंपाकघरापर्यंत गेला. "पंचेचाळीस," तो तिथून म्हणाला. "एकशेवीस नाही. वीस लाखांतले फिटलेत पावणेचार लाख, म्हणजे खऱ्या सुटल्यात त्या पंचेचाळीस. स्वयंपाकघर, आणि बोळाचा तुकडा." एवढा आडदांड माणूस, पण ओट्याला टेकून रडायला लागला. कात्रीबाईला त्याच्याकडे बघवेना. तिला बँकेचा राग होता, त्या गोड साहेबाचा होता, आणि ज्या कागदांवर सह्या करताना 'इथे, इथे आणि इथे' एवढंच सांगितलं गेलं त्या कागदांचाही होता. तिला फसवल्यासारखं वाटत होतं आणि फसवलं म्हणून बोट ठेवायला जागा सापडत नव्हती.

"मी करीन," मिस्त्री डोळे पुसून म्हणाला. "पट्टे बांधीन गुडघ्यांना. पंधराची बारा झालीत ना? बारा वर्षं काढीन."

"काढाल, आणि मग घरभर सरपटत हिंडाल. तुम्ही उद्यापासून फरशीवर बसायचं नाही. बसलात तर माझ्याशी गाठ आहे."

"आणि हप्ता कोण भरणार?"

ते तिने वाटेतच ठरवलं होतं. "घर भाड्याने द्यायचं. तेरा हजार सहज येतील. पाच हजार आपण घालू. आमच्या गणवेशांच्या दुकानामागची खोली शेठ मला चार हजारांत देतो. तुम्ही टाइल्सच्या दुकानात जा, खुर्चीत बसा."

ताईला हे कळलं तेव्हा ती तावातावाने आली. "स्वतःचं घर असताना लोकांच्या खोलीत राहणार? वहिनी, तुझं डोकं फिरलंय. लोक काय म्हणतील?"

"ताई, लोकांना गुडघे दुखत नाहीत, यांना दुखतात," कात्रीबाई म्हणाली. "घर ठेवायचं की माणूस, एवढंच विचारा मला." मग ताईने विचारलं नाही. पदर खोचून सामान बांधायला लागली, आणि बांधता बांधता बँकेच्या सात पिढ्यांचा उद्धार केला.

महिन्याच्या शेवटी घर बघायला एक नवं जोडपं आलं. दोघंही कुठल्याशा कारखान्यात कामाला होती. त्यातली मुलगी खोल्यांतून अनवाणी फिरली, खाली वाकून सांध्यांवरून बोट फिरवलं आणि म्हणाली, "फरशी काय सुंदर बसवलीय! कुठे उंचसखल नाही." मिस्त्री खुर्चीत बसला होता. त्याने मान हलवली, बसवली कुणी ते सांगितलं नाही. कात्रीबाईला ते फार लागलं.

भाडं ठरलं, किल्ली कुठे ठेवायची ते ठरलं. निघताना मुलाने विचारलं, "करारावर मालक म्हणून तुमचंच नाव ना, काका?"

"नाव माझं घाला," मिस्त्री म्हणाला. "पण मालक चौकात बसतात, काचेच्या दारामागे. आम्ही इथले जुने भाडेकरू. अजून बारा वर्षं भाडं भरलं की घर आम्हाला देणार म्हणालेत."

मुलगा भला होता, त्याला काळजी वाटली. त्याने मिस्त्रीच्या खांद्यावर हात ठेवला. "काका, असं नुसतं तोंडी कुणी म्हटलं तर विश्वास ठेवू नका. फसवतात हल्ली. सगळं कागदावर घ्या."

"कागदावरच आहे," मिस्त्री म्हणाला. "पानापानावर माझी सही आहे."