फिदेन्सियोची शिकवणी

फिदेन्सियोने लायसन्सच्या लेखी परीक्षेची शिकवणी फुकट घ्यायचं जाहीर केलं, तेव्हाच मी ओळखलं, पाणी कुठेतरी मुरतंय.

हा माणूस सोळा वर्षं आमच्या वस्तीतल्या बायकांना आपल्या पांढऱ्या व्हॅनमधून फळांच्या शेडवर नेतो-आणतो. त्याचं पोट आमच्या भाड्यावर. एक बाई गाडी चालवायला शिकली की व्हॅनमधली एक जागा रिकामी. मग स्वतःच्या पायावर स्वतःच धोंडा मारून घ्यायला हा का निघाला? बाकीच्या बायका म्हणाल्या, "देवमाणूस आहे हो." देवमाणसं मी आयुष्यात तीन पाहिली, त्यातल्या दोघांनी मला बुडवलं होतं.

आता मी त्याच्याबद्दल असं बोलू नये, हे मलाही कळतं. माझ्या लेकीला, अरासेलीला, बाप्तिस्म्याच्या वेळी त्यानेच हातांवर धरलं होतं. त्याला आता अकरा वर्षं झाली. त्या दिवसापासून तो तिचा धर्मबाप, म्हणून माझा कोंपाद्रे, आणि मी त्याची कोमाद्रे. हे नातं सख्ख्या भावापेक्षा जड. कोंपाद्रे-कोमाद्रे एकमेकांना 'तुम्ही' म्हणतात, भांडतानासुद्धा. एकमेकांची लाज झाकतात. पण शेडमध्ये वीस वर्षं पीच निवडून माझी नजर अशी झालीय की वरून लालबुंद फळ दिसलं की आधी ते उलटं करून देठाजवळ बघते.

आणि मला ही परीक्षा पास व्हायचीच होती. शेजारच्या गावातल्या शाळेच्या स्वयंपाकघरात मला काम मिळत होतं. बारा महिन्यांचं, सावलीतलं, स्वच्छ पाण्याने हात धुवायचं काम. अट एकच, जेवणाचे डबे गाडीने दुसऱ्या दोन शाळांना पोचवायचे. मुख्य स्वयंपाकीण म्हणाली होती, "महिनाअखेर निदान लर्निंग लायसन्स दाखवा. त्यापुढे मला जागा धरून ठेवता येणार नाही." मी दोनदा नापास झाले होते. तिसऱ्यांदा झाले की अर्ज रद्द, नव्याने सगळं, आणि तोवर ती जागा दुसऱ्या कुणाची.

नापास का झाले? परीक्षा इंग्रजीतून नव्हती, आमच्याच स्पॅनिशमधून होती, त्यामुळे भाषेवर ढकलता येत नाही. झालं असं की प्रश्न वाचला की उत्तर डोक्यात यायचं, आणि मग वाटायचं, सरकार इतकं सोपं विचारेल कशाला? यात काहीतरी मेख असणार. मग मी बरोबर उत्तर सोडून दुसऱ्यावर बोट ठेवायचे.

तर मंगळवारी आणि गुरुवारी, शेड सुटल्यावर, फिदेन्सियोच्या स्वयंपाकघरात शिकवणी सुरू झाली. त्याची बायको तिकडे मायदेशी, मिचोआकानला असते, घरात तो एकटाच. पहिल्या दिवशी पाच जणी आलो, तिसऱ्या दिवशी उरलो दोघी, मी आणि येसेनिया. येसेनिया शेडमध्ये माझ्याच सरकत्या पट्ट्यावर पेट्या भरते. चोवीस वर्षांची, तोंडाने फटाकडी.

टेबलावर तो कॉफी ठेवायचा, गोड पाव ठेवायचा आणि सरकारी पुस्तक माझ्याकडे सरकवायचा.

"वाचा, कोमाद्रे. मोठ्याने."

"तुम्ही मास्तर, तुम्ही वाचा की."

"मास्तर कधी वाचतो का? मास्तर ऐकतो."

आणि डोळे मिटून बसायचा. मी एक प्रश्न वाचला की म्हणायचा, "परत." परत वाचला की ओठांतल्या ओठांत पुटपुटायचा. येसेनिया वाचायला लागली की हात वर करायचा, "पोरी, तुझ्या मागे कुत्रं लागलंय का? कोमाद्रेला वाचू दे. त्यांचा आवाज कानात राहतो."

मीठदाणी म्हणजे गाडी आणि तोर्तियाच्या, मक्याच्या पोळ्यांच्या, टोपलीतला फडका म्हणजे चढ, असं करून तो शिकवायचा. चढावर गाडी लावताना चाकं कुठे वळवायची, उतारावर कुठे, हे त्याने मला असं दाखवलं की मरेपर्यंत विसरणार नाही. हाताच्या गोष्टीत तो एकदाही चुकला नाही. आकड्यात मात्र चुकायचा. अंधारून आल्यावर दिवे कधी लावायचे, ट्रकपासून किती लांब राहायचं, ते बिनधास्त ठोकून द्यायचा. घरी येऊन मी पुस्तक उघडायचे तर तिथे वेगळंच. चार चुका मी वहीत लिहून ठेवल्या. मनाशी म्हटलं, अस्सं. चाकं बरोबर शिकवायची, म्हणजे विश्वास बसतो, आणि आकडे चुकीचे द्यायचे, म्हणजे बायका नापास होतात. व्हॅन भरलेली ती भरलेली.

येसेनियाला सांगितलं तर ती हसली. मला ती मानाने दोन्या म्हणते. "दोन्या ओब्दुलिया, तुम्ही चर्चमधल्या मेणबत्तीवरपण संशय घ्याल."

"मेणबत्ती भाडं घेत नाही."

"अहो, विसरत असतील. वय झालंय त्यांचं."

"विसरणारा माणूस इतक्या ठासून बोलत नाही, बाई."

मग मी सापळा लावला. पुढच्या मंगळवारी पुस्तकात लिहिलं होतं, वळायच्या शंभर फूट आधी इंडिकेटर द्या. मी स्वच्छ आवाजात वाचलं, "पन्नास फूट." आणि त्याच्या तोंडाकडे बघत राहिले. पुस्तक त्याच्यासमोर उघडं होतं, हातभर अंतरावर. खरा मास्तर असता तर म्हणाला असता, बाई, डोळे उघडा.

तो म्हणाला, "पन्नास. परत वाचा."

मी परत पन्नास वाचलं. मनातून, खोटं कशाला बोलू, बरं वाटलं. चोर सापडला की असंच वाटतं.

गुरुवारी त्याने स्वतःच येसेनियाला विचारलं, "किती फूट आधी इंडिकेटर?"

"शंभर."

"पन्नास. परवा कोमाद्रेंनी वाचलं नाही का?"

"पण डॉन फिदेन्सियो, पुस्तकात तर..."

"पुस्तकातूनच वाचलं ना त्यांनी? पुस्तक खोटं बोलतं की कोमाद्रे खोटं बोलतात?"

येसेनियाने माझ्याकडे पाहिलं. मी कॉफीच्या कपात बघत बसले. घरी जाताना तिने विचारलं, "तुम्ही मुद्दाम वाचलंत?"

"गप्प बस आणि गंमत बघ," मी म्हटलं. "आपण खरं पाठ करायचं. त्याला काय म्हणायचं ते म्हणू दे."

"मला हे आवडलं नाही," ती म्हणाली. पण ती लहान होती, आणि मला उलट बोलायची तिची टाप नव्हती.

एक गळाला लागलं म्हटल्यावर पुढच्या आठवड्यात मी आणखी दोन सोडले. शाळेजवळ पोरं असताना पंचवीसचा वेग, मी पस्तीस वाचला. समोरून गाडी येताना पाचशे फुटांवर दिवे डिपर करायचे, मी दोनशे वाचलं. दोन्ही त्याने मान डोलावून गिळले आणि डोळे मिटून चार-चारदा म्हणून दाखवले. काय नाटकी माणूस, मला वाटायचं. आणि गंमत म्हणजे, खोटं वाचायचं तर खरं पक्कं माहीत असावं लागतं. मी रोज पहाटे उठून पुस्तक घोटायला लागले. इतका अभ्यास मी शाळेतही केला नव्हता.

त्याच आठवड्यात शुक्रवारी आमची परीक्षा. शेडवर रजा टाकली होती. फिदेन्सियो म्हणाला, मीच सोडतो. आला तो इस्त्रीचा शर्ट घालून, केसांना पाणी लावून, जसा अरासेलीच्या बाप्तिस्म्याला आला होता तसा. मी येसेनियाला कोपराने ढोसलं. "बघ, आपल्या मयताला नटून आलाय."

रस्त्यात पोलिसाची गाडी दिसली तशी त्याने व्हॅन मागच्या गल्लीत घातली. हे तो नेहमीच करायचा, मी समजायचे सिग्नल चुकवतो. त्या दिवशी हेही मनात टिपून ठेवलं.

लायसन्सच्या कचेरीत आम्ही नंबर घेतले. त्यानेही घेतला. हा कशाला? खिडकीतल्या बाईशी तो अगदी हळू आवाजात काहीतरी बोलला. तिने भिंतीवरच्या, नजर तपासायच्या तक्त्याकडे बोट दाखवलं, त्याने त्यातली अक्षरं एकेक करून सांगितली. मग तिने त्याला कानाला लावायचं यंत्र दिलं आणि कोपऱ्यातल्या पडद्यासमोर बसवलं. माझं डोकं भणभणलं. कानात कोण बोलतंय ह्याच्या? बाहेरून कुणी उत्तरं सांगतंय की काय? उठून बघून यावंसं वाटत होतं, तेवढ्यात माझा नंबर पुकारला.

छत्तीस प्रश्न. पहिला आला आणि जुनी खाज सुटली, यात मेख आहे. पण या वेळी मला माहीत होतं की मेख नाही. ज्या आकड्यांवर मी स्वतः मेख मारली होती, ते तर डोळे मिटूनही सांगितले असते. दोन चुकले. पास. येसेनियाचे पाच चुकले, तीही पास. तिने मला तिथेच उचललं. खिडकीतली बाई म्हणाली, "इथे नाचू नका." शाळेचं स्वयंपाकघर माझ्या डोळ्यांसमोर आलं, मोठी पातेली, पंखा, स्वच्छ पाण्याचा नळ, आणि मला रडू फुटलं.

बाहेर येऊन पाहते तर फिदेन्सियो भिंतीजवळच्या बाकावर बसलेला. हातात कागद. मी ताठ मानेने गेले. म्हटलं, आता सांगते याला, तुझ्या पन्नास फुटांना पुरून उरले मी.

"पास झाले, कोंपाद्रे."

तो उठून उभा राहिला, माझे दोन्ही हात हातात घेतले. त्याचे डोळे भरून आले. "मला माहीत होतं," म्हणाला. "शाळेतली पोरं नशिबाची." येसेनियाच्याही डोक्यावर हात ठेवला. मग हातातला कागद माझ्यापुढे धरला.

"हे जरा वाचता, कोमाद्रे? माझं झालं नाही. एकाने गेलं म्हणाली ती बाई. कुठे चुकलं तेवढं कळू दे."

मला कागद घ्यायला हात पुढे करता येईना. "तुमचं लायसन्स..."

"कुठलं लायसन्स?" तो हसला, पण ओठांपुरतं. "सोळा वर्षं तशीच चालवतोय. पोलिसांनी दोनदा व्हॅन उचलून नेली, सोडवून आणली. अक्षरं ओळखतो मी, पण एकाला एक लावता येत नाही. मागच्या खेपेला फॉर्म भरताना खिडकीतल्या पोऱ्याने सगळ्या रांगेदेखत विचारलं, आजोबा, लिहिता येत नाही? त्या दिवशी ठरवलं होतं, आता येईन तो पास व्हायलाच. कानात ऐकून देता येते परीक्षा, ते कळल्यावर म्हटलं, कुणीतरी वाचून दाखवलं तर पाठ होईल. पण कुणाला सांगणार? म्हणून शिकवणीचं सोंग केलं. तुम्हाला वाटलं असेल, काय बावळट मास्तर आहे."

येसेनिया दुसरीकडे बघायला लागली.

मी कागद घेतला. सात चुका. सहापर्यंत चालतात. पहिल्या चार कुठल्या होत्या ते आठवत नाही, मी वाचल्या इतकंच. पाचवी मात्र मी आधी मनातल्या मनात वाचली.

"वळण्यापूर्वी किती फूट इंडिकेटर द्यावा. तुमचं उत्तर, पन्नास. बरोबर उत्तर, शंभर."

"पन्नासच," तो म्हणाला. "तुमच्याच आवाजात आलं बघा कानात. ती यंत्रातली बाई बोलत होती, पण मला तुम्हीच ऐकू येत होता."

"शाळेजवळ. तुमचं उत्तर, पस्तीस. बरोबर उत्तर, पंचवीस."

तो कागदाजवळ वाकला.

"दिवे डिपर. तुमचं उत्तर, दोनशे. बरोबर..."

"पाचशे," येसेनिया म्हणाली. तिला राहवलं नाही.

फिदेन्सियोने बोटांवर काहीतरी मोजलं. मग माझ्याकडे बघून अगदी मायेने म्हणाला, "पुस्तकातली अक्षरं फार बारीक हो, कोमाद्रे. संध्याकाळचा उजेड. तुम्ही चष्मा करून घ्या एक. चुकतं माणसाचं."

त्याने मला दार उघडून दिलं होतं. मी नुसतं हो म्हणायचं होतं. कोंपाद्रे एकमेकांची लाज झाकतात, त्याने माझी झाकली. मीही झाकून घेतली असती तर आजही सगळं तसंच असतं. पण येसेनिया समोर उभी होती, आणि खरं सांगायचं तर तिच्यापेक्षा मला त्याच्या डोळ्यांतली ती माया सहन होईना.

"चुकून नाही वाचलं," मी म्हटलं. "मुद्दाम वाचलं. मला वाटलं, तुम्ही आम्हाला नापास करायला बघताय. व्हॅनसाठी."

आवारात कुणीतरी गाडी मागे घेत होतं. फिदेन्सियो तिकडे बघत होता, गाडी नीट लागेपर्यंत. मग त्याने माझ्या हातातून कागद घेतला, चार घड्या घातल्या आणि इस्त्रीच्या शर्टाच्या खिशात ठेवला.

"चला, सेन्योरा," तो म्हणाला. "उशीर होतोय."

अकरा वर्षांत त्याने मला परक्या बाईसारखी हाक कधी मारली नव्हती. सोमवारपासून तो पूर्वीसारखाच वेळेवर दारात येतो, हॉर्न देतो, मला शेडवर सोडतो. शाळेतली जागा मला मिळाली आहे, पुढच्या महिन्यात रुजू व्हायचं. अरासेलीला तो अजून जवळ घेतो. मला सेन्योराच म्हणतो.