पोच देणारा शिक्का

मित्रांनो, मी एक जुना शिक्का आहे, लाकडी मुठीचा. लातूरच्या गंजगोलाईजवळ मडिवाळप्पांच्या छोट्या दुकानात मी घडलो. त्यांनी माझ्या पोटात तारखेच्या रबरी पट्ट्या बसवल्या, कागदावर ठसा उमटवून पाहिला आणि ते स्वतःशीच हसले. मग मी एसटीने नांदेडला, एका सरकारी कार्यालयाच्या आवक टेबलावर आलो.

तिथे संगमेश्वरअण्णा बसत. उदगीरकडचे, सावकाश बोलणारे. रोज सकाळी ते माझी तारीख फिरवत. बाहेरून कागद आला की मी त्याच्यावर उमटायचो, आणि आणणाऱ्याच्या प्रतीवरही. त्या दुसऱ्या ठशाला पोच म्हणतात. कागद मिळाला, याची ती खूण.

एक दिवस हदगावची विशाखा आली. नर्सच्या निवड यादीत तिचं नाव पहिलं होतं, पण कार्यालयाच्या चुकीने ते अंतिम यादीतून गळालं. ती उच्च न्यायालयात गेली आणि जिंकली. आठ आठवड्यांत तिला रुजू करून घ्या, असा आदेश झाला. तोच घेऊन ती आली होती.

"ठेवून जा ताई. साहेब आले की बघतो," मोठे बाबू बजरंगराव म्हणाले.

"पोच द्या ना."

"आमच्यावर विश्वास न्हाई का?"

"विश्वास लई हाय, साहेब. शिक्का पण पाहिजे."

अण्णा मिशीत हसले. "बजरंगराव, कागद आला की शिक्का बसतो. मग तो तुमच्या सासऱ्याचा का असंना!" आणि त्यांनी मला दोनदा दणकून मारलं.

आदेश बजरंगरावांच्या गठ्ठ्यात गेला आणि तिथेच राहिला. आठ आठवडे सरले, आठ महिने सरले. विशाखा दर महिन्याला यायची. वयाची अट होती, आणखी वर्ष गेलं असतं तर तिची संधी कायमची हुकली असती. शेवटी तिने अवमान याचिका दाखल केली. न्यायालयाने सांगूनही सरकारी कार्यालय ऐकत नसेल, तर त्याचा जाब विचारायला ती असते.

बजरंगरावांनी कपाटं धुंडाळली. कागद काही सापडेना. मग त्यांनी न्यायालयाला उत्तर लिहून दिलं, की असा आदेश कार्यालयास मिळालेलाच नाही.

पुढचं मी त्यांच्याच तोंडून ऐकलं. वकिलांनी विशाखाची प्रत पुढे केली. न्यायमूर्तींनी चष्मा सारखा करून ती पाहिली आणि आमच्या कार्यालयाच्या मोठ्या साहेबांना विचारलं, "हा शिक्का कोणाचा?"

"आमचाच," साहेब पुटपुटले.

"आणि तारीख?"

साहेबांनी घाम पुसला, माफी मागितली. इतके महिने न निघालेलं नेमणूकपत्र तीन दिवसांत निघालं.

रुजू अहवाल द्यायला विशाखा आली, तेव्हा तिची आई कोंडाबाई सोबत होती. अण्णांनी मला विशाखाच्या हातात दिलं. "घे पोरी, आज तूच मार." हसता हसता तिचा हात हलला आणि मी जरा तिरपाच उमटलो. पण मित्रांनो, इतका सुंदर मी कधीच उमटलो नव्हतो. बजरंगरावसुद्धा म्हणाले, "ताई, आता तरी विश्वास बसला का?"

"बसला, साहेब. पण पोच द्या!" सारं कार्यालय खदखदून हसलं.

कोंडाबाईंनी मला उचलून उलटंपालटं करून पाहिलं. "अगं माय, एवढासाच हाय व्हय? मला वाटलं, घागरीएवढा असंल!"

आता माझ्या पट्टीवरचं शेवटचं वर्ष संपलं आहे. टेबलावर नवा शिक्का आला, मी खणात असतो. त्याचं दुःख नाही. तुम्ही कुठे कागद द्याल तेव्हा पोच मागायला लाजू नका. आणि मोठे होऊन त्या टेबलामागे बसलात, तर पॅडवर शाईचे दोन थेंब रोज टाकत जा. हदगावच्या गाडीने एखादी पोर कागद घेऊन निघालेली असेल.